आजारपणाची रजा कोण देतं?

मोताळ्याहून बोलते आहे. चुलीवर तवा असेल तर असू द्या, ऐकता ऐकता पोळ्या होतात.

मी बरीच वर्षं कॉलेजात समाजशास्त्र शिकवलं. दरवर्षी एखादी तरी मुलगी विचारायची, "मॅडम, आजार तर डॉक्टरांचा विषय आहे. आपल्या पुस्तकात त्याचं काय काम?" मी पुस्तकातलंच उत्तर द्यायचे. खरं उत्तर मला घरात मिळालं, सासूबाईंकडून.

सासूबाईंना संधिवात होता. सकाळी उठल्या की हाताची बोटं तासभर मिटायची नाहीत. पीठ मळताना ओठ दाबून धरायच्या. कुणी तब्येत विचारली की उत्तर ठरलेलं, "मले काय धाड भरली?" एकदा सासऱ्यांना दोन दिवस ताप आला. घरात रेडिओ बंद, पोरांचा आवाज बंद, मऊ भात शिजला, शेजारी भेटून गेले. सासूबाई त्याच आखडलेल्या बोटांनी त्यांचे पाय चेपत बसल्या होत्या. त्या दिवशी कुणी विचारलं असतं की या घरात आजारी कोण, तर सगळ्यांनी एकच नाव सांगितलं असतं. कितीतरी वर्षं दुखणं अंगावर काढणारी बाई त्या घरात आजारी नव्हतीच. मी सून होते, मीही तेच सांगितलं असतं.

टॅल्कॉट पार्सन्स नावाच्या अमेरिकेतल्या प्राध्यापकांनी १९५१ साली एक गोष्ट मांडली. त्यांचं म्हणणं सोपं करून सांगते. आजारी पडणं म्हणजे समाजाकडून रजा मिळणं. त्या माणसाला रोजच्या कामातून सूट मिळते आणि 'तुझ्याच चुकीनं झालं' असं कुणी म्हणत नाही. बदल्यात त्यानं दोन गोष्टी करायच्या: डॉक्टरांचं ऐकायचं आणि लवकर बरं होऊन कामाला लागायचं.

टायफॉइडला हे बरोबर बसतं. पण शुगरचं काय, बीपीचं काय, संधिवाताचं, दम्याचं, फिटचं काय? ही दुखणी सांभाळायची असतात, जन्मभर. मग रजा किती दिवसांची? पहिले पंधरा दिवस लोक विचारपूस करतात. सहा महिन्यांनी म्हणतात, "हिचं नेहमीचंच आहे." वर्षानं म्हणतात, "नाटक करते." दुखणं तेच राहतं, लोकांचा धीर संपतो. पार्सन्स यांच्या मांडणीवर नंतरच्या अभ्यासकांनी हीच टीका केली.

आणि बाईचा तर रजेचा अर्जच येत नाही. ती बाजेवर पडली तर दळण कोण आणणार, वावरात निंदायला कोण जाणार, हे तिला पक्कं माहीत असतं. ते काम बहुतेक वेळा पोरीवर येतं. आई पडली की शाळा कुणाची बुडते, ते तुम्हाला सांगायला नको. म्हणून बाई सांगतच नाही. महिन्याच्या गोळ्या दोन महिने पुरवते, एकाआड एक दिवस घेते. डॉक्टर म्हणतात, ही अडाणी आहे, ऐकत नाही. अडाणी कसली? ती घरचा हिशेब करते आहे. हिशेबात स्वतःला शेवटी धरते, एवढीच चूक आहे, पण ती मोठी आहे. बीपीची गोळी मनानं सोडली तर लकवा मारू शकतो, किडनी जाऊ शकते. तीस वर्षांपुढच्या प्रत्येकीची बीपी-शुगर आपल्या उपकेंद्रात मोफत तपासतात. आशाताई फॉर्म भरायला आली की "मले काही नाई" म्हणून तिला दारातून परत पाठवू नका.

किडनीचं नाव निघालंच आहे, तर आपल्या जिल्ह्यातल्या खारपाणपट्ट्याकडे जाऊ. पूर्णा नदीच्या खोऱ्यात बुलडाणा, अकोला, अमरावती या जिल्ह्यांत जमिनीखालचं पाणी खारं आहे. आपल्याकडे संग्रामपूर, जळगाव जामोद, शेगाव या बाजूच्या गावांत किडनीचे रुग्ण खूप. लोक त्याचा संबंध पाण्याशी लावतात. वाण धरणाचं गोडं पाणी पोचवण्यासाठी तिकडे १४० गावांची पाणीपुरवठा योजना करावी लागली. कुठल्या गावात नळ आला, कुठल्या गावात बोअरचंच पाणी राहिलं, याच्याशीही आजार बांधलेला असतो. म्हणून तो एकट्या डॉक्टरांचा विषय नाही. तिकडे सोयरिक ठरवताना शेतीच्या आधी पाणी विचारतात.

माझ्या नात्यातली एक बाई त्याच भागात दिलेली आहे. तिच्या नवऱ्याचं डायलिसिस सुरू झालं. आठवड्यातून दोनदा, प्रत्येक वेळी चार तास मशीनवर. उपचार महात्मा फुले जन आरोग्य योजनेत होतो, पैसे लागत नाहीत, आणि ही मोठी गोष्ट आहे. पण जाण्या-येण्यात अख्खा दिवस जातो. म्हणजे आठवड्यातले दोन रोज त्याचे बुडाले आणि सोबत जाते म्हणून दोन तिचेही. राहिलेल्या दिवसांत तिनं पाणी मोजायचं. डायलिसिसच्या माणसाला तहान लागली तरी पोटभर पाणी चालत नाही. सकाळी ती एका बाटलीत दिवसाचं पाणी भरून ठेवते. उन्हाळ्यात तो पाणी मागतो आणि ती नाही म्हणते. ती मला म्हणाली, "वहिनी, तहानेल्या माणसाले पाणी नाई म्हणनं, हे पाप कोनाच्या खात्यावर?"

ज्युलिएट कॉर्बिन नावाच्या एका नर्सनं अॅन्सेल्म स्ट्रॉस या समाजशास्त्रज्ञांबरोबर १९८०च्या दशकात अशीच घरं पाहिली, अमेरिकेतली. नवरा-बायकोपैकी एकाला लांबचं दुखणं आहे अशी. त्यांनी सांगितलं, या घरात तीन प्रकारचं काम चालतं. एक दुखण्याचं: गोळ्या, पथ्य, दवाखाना. दुसरं घराचं, जे आधीपासून होतंच. आणि तिसरं, जे कुणाला दिसत नाही: मोडलेला संसार मनात पुन्हा मांडण्याचं. विहीर खोदायची होती, ती आता नाही. पोरगा पुण्याला जाणार होता, त्याचं काय? आपण कोण होतो, आता कोण आहोत? माझ्या त्या नातलग बाईकडे ही तिन्ही कामं आहेत. गावाला विचारा, ती काय करते. म्हणतील, "घरीच असते."

आता थोडं दुसरीकडे वळते. काही आजारांत दुखत काहीच नाही, तरी माणूस हैराण होतो. २०२५च्या सुरुवातीला शेगाव तालुक्यातल्या बोंडगाव, कालवड, हिंगणा या गावांची नावं देशभर झाली. तीन-चार दिवसांत लोकांच्या डोक्यावरचे केस हातात यायला लागले. पाणी तपासलं, दिल्लीहून पथकं आली. डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी रेशनच्या गव्हातल्या सेलेनियमकडे बोट दाखवलं. कारणावर वाद झाला, तो बाजूला ठेवू. बहुतेकांचे केस परत आले. पण मधल्या काळात काय झालं? पोरापोरींना चिडवलं, शिक्षणात खंड पडला, ठरलेली लग्नं अडली. कुणी लाजेनं डोकंच भादरून घेतलं. डोक्याला त्रास कमी, त्रास झाला तो बघणाऱ्यांच्या नजरेचा. आपणही हसलो होतो, बायांनो. मोबाइलवर ते व्हिडिओ आपणच पुढे पाठवले.

अपंगत्वाचंही असंच आहे. १९७६ साली इंग्लंडमधल्या अपंगांच्या एका संघटनेनं सांगितलं की पाय अधू असणं ही शरीराची गोष्ट, पण आम्हाला अडवतो तो समाज. मला हे कळलं ते आमच्या बचत गटाच्या बैठकीत. आमच्यातल्या एकीचा पाय लहानपणी पोलिओनं गेला. बैठक भरायची देवळाच्या सभामंडपात, पाच पायऱ्या वर. ती कधी यायची नाही. आम्ही वहीत लिहायचो, 'गैरहजर'. दोन वर्षं लिहिलं. मग एकदा बैठक खाली ओट्याजवळ घेतली, तर ती सगळ्यांच्या आधी हजर. पाय तोच होता. आम्ही पाच पायऱ्या खाली उतरलो होतो, तेही देवळाच्या रंगकामामुळे, तिच्यासाठी नव्हे.

कायद्याचं थोडं सांगते. २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्यात २१ प्रकार आहेत, १९९५च्या कायद्यात ७ होते. सिकलसेल, थॅलेसेमिया, मनाचे दीर्घ आजार, बरा झालेला कुष्ठरोग हे सगळं त्यात येतं. बऱ्याच सवलतींना ४० टक्के किंवा त्याहून जास्त असा दाखला लागतो. किडनीचा आजार त्या यादीत नाही, आणि हे मला पटत नाही. आठवड्यातून दोन दिवस मशीनला बांधलेला माणूस कुठली मजुरी धरणार? दुसरी गोष्ट ग्रामपंचायतीची. तिनं स्वतःच्या उत्पन्नातले ५ टक्के दिव्यांगांसाठी खर्च करायचे असतात. ग्रामसभेत हात वर करून एवढंच विचारा की यंदा ते कशावर खर्च झाले. एकटीनं विचारू नका, गटानं विचारा. दाखल्यासाठी चकरा पडतात, मी माझ्या भावाबरोबर चार मारल्या आहेत. एका टेबलावरच्या साहेबांनी तर त्याच्याकडे न बघता मला विचारलं, "याला काय होतं?" भाऊ एम.ए. आहे.

शेवटी आमच्या गटाचं सांगते आणि थांबते. त्या ओट्याच्या बैठकीनंतर आमच्यात वाद झाला. कुणाच्या घरी लांबचं दुखणं असेल तर कर्जाचा हप्ता तीन महिने थांबवायचा का? खजिनदार म्हणाली, उद्या सगळ्याच आजारी पडतील. तिचंही चुकीचं नव्हतं, पैसा सगळ्यांचा आहे. दोन बैठका यातच गेल्या. मग ठरलं की हप्ता थांबेल, पण दुखणं बैठकीत स्वतःच्या तोंडानं सांगायचं. आणि दवाखान्याच्या दिवशी तिच्या घरचं दळण आणि गुरांचं चारापाणी पाळीनं दुसरी कुणी बघेल. वहीत त्यासाठी एक रकाना आखला.

पहिल्या महिन्यात तो कोराच राहिला. दुसऱ्या महिन्यात तीन नावं आली: एकीनं नवऱ्याचं सांगितलं, एकीनं सासूचं, एकीनं पोराचं. चौथ्या महिन्यात खजिनदार बाईच उठली, चष्मा काढला आणि म्हणाली, "लिहा. मले दीड वर्षापासून शुगर आहे. घरी माहीत नाई." कुणी काही बोललं नाही. जिच्याकडे पाळी होती तिनं फक्त विचारलं, "दवाखाना कोन्या वारी?"

पुढच्या आठवड्यात याच वेळी भेटू. नमस्कार.