सालीचा पाक

आमच्या कागल पंचतारांकित एमआयडीसीत घरातलं घड्याळही कारखान्याच्या पाळीवर चालतं. कँटीनमधल्या माझ्या सोबतिणी म्हणतात, "ताई, पाकातल्या साली करायला वेळ कुठाय?" मी सांगते, या पदार्थाला वेळ थोडा आणि दिवस जास्त लागतात. पहिल्या दिवशी तासभर, मग रोज दहा मिनिटं. पाळीवर जाणाऱ्या बाईला याहून सोयीचं गोड मला तरी माहीत नाही.

बेकरीच्या केकमधले लाल-हिरवे तुकडे बहुधा कच्च्या पपईचे असतात. युरोपात मात्र संत्र्याची आणि म्हाळुंगाची साल साखरेत मुरवून केकमध्ये घालतात. म्हाळुंग आपल्याला परकं नाही. अंबाबाईच्या खालच्या उजव्या हातात आहे, ते म्हाळुंगच. दर्शनाला जाणाऱ्या पुष्कळांना ते फळ ओळखता येत नाही, याचं मला वाईट वाटतं. त्यात रस नावापुरता. सगळी दौलत जाड सालीत. कुणाच्या परसात झाड असेल तर जरूर मागून आणा. नाहीतर पपनस किंवा मोसंबी चालेल. नागपुरी संत्र्याची साल पातळ, तिला गर कमी. परदेशी संत्र्यांवर चकाकीसाठी मेण लावलेलं असतं, ती या कामाला नकोत.

फळं कोमट पाण्यात चोळून धुवा. सालीच्या बोटभर लांब पट्ट्या कापा. आतला पांढरा गर काढू नका, पाक तोच पितो. पट्ट्या पाण्यात पंधरा मिनिटं उकळा, ते पाणी फेका, नवं घ्या. असं तीनदा केलं की कडूपणा उतरतो; पपनसाला चौथं पाणीही लागतं. साल नखानं सहज दबली पाहिजे. साखरेत गेल्यावर ती आणखी मऊ होत नाही, हे पक्कं लक्षात ठेवा.

आता घाई करायची नाही. एकदम घट्ट पाकात टाकली तर सालीतलं पाणी बाहेर ओढलं जातं, साखर आत शिरत नाही आणि साल चामड्यासारखी आक्रसते. म्हणून पाव किलो उकडलेल्या सालीला पाव किलो साखर आणि दोन वाट्या पाणी, असा पातळ पाक करा. त्यात साली दहा मिनिटं मंद शिजवून रात्रभर झाकून ठेवा. दुसऱ्या दिवशी साली निथळून नुसता पाक उकळा, मूठभर साखर वाढवा, साली परत घाला. असं चार दिवस. साखर खडबडू नये म्हणून चमचाभर लिंबाचा रस घाला. पाचव्या दिवशी पाक मधासारखा दाट आणि साल काचेसारखी पारदर्शक दिसू लागेल. एवढी साखर मुरली की बुरशीला लागणारं मोकळं पाणीच सालीत उरत नाही.

आपल्या कोल्हापुरी गुळाचा मला अभिमान आहे, पण इथे साखरच. गूळ सालीचा वास झाकून टाकतो.

चाळणीवर निथळून पंख्याखाली दोन दिवस सुकवा, पिठीसाखरेत घोळा आणि कोरड्या बरणीत भरा. दोन-तीन महिने सहज टिकतात. बारीक चिरून शिऱ्यात, श्रीखंडात घाला. खाली उरलेल्या पाकात लिंबू पिळून गार पाणी घातलं, की भट्टीवरून आलेल्या माणसाला पेलाभर सरबत होतं.