घर आणि कॅमेरा
(रौप्यमहोत्सवी सोहळ्यात, युसूफ वडगाव येथे केलेले भाषण)



कार्यक्रम घरांचा आणि मी बोलणार माहितीपटावर, याचं काहींना नवल वाटेल. पण तो माहितीपट घराचाच आहे. आनंद पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’, सन १९८५.

तेव्हा मुंबईत झोपड्या पाडल्या जात होत्या. फुटपाथवर राहणाऱ्यांचा खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला होता. त्याचा निकालही १९८५ चाच. पटवर्धनांनी झोपडी पडताना दाखवली, आणि शहर सुंदर दिसावं म्हणणाऱ्या सुखवस्तू लोकांनाही मोकळेपणी बोलू दिलं. दोघांचं ऐकता ऐकता आपल्यालाच उमगत जातं. शहर बांधायला हात लावणाऱ्यांनाच त्या शहरात छप्पर नाही.

त्यात एक प्रसंग आहे. घर मोडलेली एक बाई कॅमेऱ्यावरच भडकते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमचं काय, असा तिचा सूर. दुसऱ्या कुणी तेवढा तुकडा कापून टाकला असता. पटवर्धनांनी ठेवला. मला वाटतं, मर्म इथंच आहे. जगाला प्रश्न विचारायचे, तर आपल्याला विचारलेला प्रश्न लपवायचा नाही.

दुसरी गोष्ट चिकाटीची. याच चित्रपटात शाहीर विलास घोगरे यांचं गाणं आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांनी गोळीबार केला. दहा माणसं गेली. त्यानंतर थोड्याच दिवसांत घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी तिथून चित्रण सुरू केलं ते जवळपास चौदा वर्षं. ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला २०११ साली. बातमीवाले दोन दिवसांत पुढच्या बातमीकडं जातात. हा माणूस थांबला.

आता आपलं बोलू. आपल्या केज तालुक्यातून दरवर्षी दसरा-दिवाळीला माणसं ऊसतोडीला निघतात. मागच्या साली ट्रॅक्टरवर चढणारा एक संसार मी मोबाईलवर टिपत होतो. भांडी, गोधड्या, शेळी, लेकरू. एक मावशी म्हणाली, “आमचा फोटू कशाला काढताव? माघारी म्हातारी सासू एकलीच राह्यलीय, तिच्यापशी जाऊन बसा की.”

मी ओशाळलो आणि मोबाईल खिशात घातला. आज वाटतं, तिथंच चुकलो. तिचं बोलणं टिपायला पाहिजे होतं, आणि मग खरंच त्या म्हातारीकडं जाऊन बसायला पाहिजे होतं. पट्टा पडेपर्यंत पाच-सहा महिने होते माझ्याकडं. मी एकदाही गेलो नाही.

म्हणून एक विनंती. या स्मरणिकेत पदाधिकाऱ्यांचे फोटो आहेत, असावेतच. पण आपला पाया खोदणारे, विटा वाहणारे, भिंती उचलणारे गवंडी यांत कुठं आहेत? पोरांच्या हातात मोबाईल आहेत. त्यांनी त्या माणसांना शोधावं, त्यांच्या दारात बसावं, घाई करू नये. त्यांनी आपल्याबद्दल कडू बोललं, तर तेही पुसू नये.

पंचवीस वर्षांचा आपला हिशेब त्याशिवाय पुरा होत नाही.