देवाची जमीन, गावची जमीन

मार्गशीर्ष पौर्णिमेच्या सुमारास सारंगखेड्याला जाण्याचा योग आला असेल, तर एकमुखी दत्ताचे ते तापीकाठचे देऊळ आणि तेथे भरणारा घोड्यांचा बाजार तुम्ही पाहिलाच असेल. मारवाडी, काठेवाडी घोडी, त्यांच्या साजाची दुकाने, नारळ-उदबत्ती, पाळणे. घोडेवाल्याला दावण बांधण्यापुरती जागा मिळाली म्हणजे झाले. ती कोणाच्या मालकीची, हे तो विचारीत बसत नाही. हा प्रश्न निघतो तो पावती फाडणारा आला म्हणजे! सारंगखेड्याचे नाव मी घेतले ते तेथला तंटा सांगण्यासाठी नव्हे. पण देवापुढे यात्रा भरते अशा कुठल्याही गावी देवस्थान म्हणते, जागा देवाची. पंचायत म्हणते, गावची. आणि तलाठी म्हणतो, सरकारची. तिघेही प्रामाणिकपणे बोलत असतात, हीच यातली अडचण आहे.

थोडे मागे जाऊ. आपल्याकडे राजे-सरदारांनी देवाच्या दिवाबत्तीसाठी, नैवेद्यासाठी इनामे दिली. इंग्रजांनी १८५२ च्या कायद्याने इनाम कमिशन नेमून सनदा तपासल्या आणि पुढे इनामांची जी वर्गवारी झाली तीत देवस्थान इनाम हे वर्ग ३ चे ठरले. आता येथे एक बारीक गोष्ट आहे, आणि निम्मे तंटे तिच्यातून उपजतात. काही सनदांनी देवाला जमीनच दिली. काहींनी जमिनीचा फक्त सारा दिला, जमीन कसणाऱ्याची ती कसणाऱ्याचीच राहिली. तीन पिढ्यांनंतर गावात एवढेच आठवते की ‘हे देवाचे शेत’. मग विश्वस्त मालकी सांगतात, कसणारा कूळहक्क सांगतो, आणि मूळ सनदेचे शब्द पाहायला कोणी जात नाही. १९५२ च्या कायद्याने व्यक्तिगत इनामे खालसा झाली. त्यातून धार्मिक संस्थांची इनामे वगळली गेली, म्हणून हा प्रश्न आजही जिवंत आहे.

देव मालक कसा होईल, असे वर्गात एखादा विद्यार्थी हमखास विचारतो. कायद्याने होतो. हिंदू मूर्ती ही कायद्याच्या दृष्टीने ‘व्यक्ती’ आहे, असे प्रिव्ही कौन्सिलने १९२५ साली सांगितले. मात्र ही व्यक्ती स्वतः चावडीवर जाऊ शकत नाही! तिच्या वतीने पुजारी जातो, गुरव जातो, आणि हळूहळू सातबाऱ्यावर देवाचे नाव मागे पडून पुजाऱ्याचे पुढे येते. पुजाऱ्याचा मुलगा वारस म्हणून लागला की देवाची जमीन घरची झालीच म्हणून समजा. मध्य प्रदेशातील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०२१ रोजी स्पष्ट केले की मालक देव, पुजारी केवळ व्यवस्थापक. मालकाच्या रकान्यात देवाचेच नाव हवे. पण त्याच निकालात सरकारलाही चपराक आहे, ती फारशी कोणी सांगत नाही. जे देऊळ सरकारकडे निहित झालेले नाही, त्याचा व्यवस्थापक म्हणून कलेक्टरचे नावही लावता येत नाही.

विश्वस्तांचे हातही मोकळे नाहीत, हे ओघाने आलेच. १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याप्रमाणे जमीन विकायची, किंवा शेतजमीन दहा वर्षांहून अधिक मुदतीने पट्ट्याने द्यायची, तर धर्मादाय आयुक्तांची पूर्वपरवानगी लागते.

आता पंचायतीची बाजू. १९५८ च्या ग्रामपंचायत कायद्याने तिला यात्रेवर कर बसविता येतो. पाणी, दिवे, झाडलोट तिने करायची, तर पैसा तिने का घेऊ नये? तो तिचा न्याय्य हक्क आहे, असे माझे मत आहे. पण कराची पावती म्हणजे खरेदीखत नव्हे. उलट बाजूनेही तेच. पालखी शंभर वर्षे एका माळावरून गेली, एवढ्याने तो माळ देवाचा होत नाही. फार तर तेथून पालखी नेण्याची वहिवाट सिद्ध होईल. आणि नदीचे पात्र तर दोघांचेही नव्हे. १९६६ च्या जमीन महसूल कायद्याचे कलम २० सांगते की रस्ते, नदीनाल्यांची पात्रे आणि जी जमीन दुसऱ्या कोणाची नाही ती सरकारची.

तुमच्या गावी असा वाद निघाला तर काय कराल? सभा भरते, घोषणा होतात, ‘देवावर अन्याय’ म्हणून कोणी उपोषणाला बसतो. त्याआधी तालुक्याला जाऊन जुने फेरफार काढा, सनदेची नक्कल मिळवा, विश्वस्त नोंदणीच्या दाखल्यात ती जमीन दाखविली आहे काय ते पाहा. सातबारा खरा मानला जातो, पण विरुद्ध पुरावा येईपर्यंतच. तो पुरावा तुम्हालाच आणावा लागतो. सरकारशी मालकीचा वाद असेल तर त्याच कलम २० खाली कलेक्टरांकडे रीतसर चौकशी मागता येते. निकाल विरुद्ध गेला तर दिवाणी कोर्टाचे दार उघडे असते, पण एकच वर्ष. अपील केले असेल तर अपिलाच्या अंतिम हुकुमापासून एक वर्ष. निकालाची प्रत हाती येईल त्या दिवशी तिच्यावरची तारीख देवळाच्या वहीत लिहून ठेवा.