नाथांनी लिहिलेला संवाद

मंडळी, पैठणच्या एकनाथ महाराजांची भारुडे आपण सर्वांनी ऐकली आहेत. पण नाथांनी 'हिंदू-तुर्क संवाद' नावाचे एक काव्य रचले आहे, ते पुष्कळांना ठाऊक नसते. आज त्याविषयी दोन शब्द बोलू.

नाथांचा काळ १५३३ ते १५९९ असा मानतात. तेव्हा इकडे सुलतानांचे राज्य होते. नाथांचे गुरू जनार्दनस्वामी हे देवगिरीच्या किल्ल्यावर त्याच राज्याच्या चाकरीत होते, असे सांगतात. म्हणजे मुसलमान माणूस नाथांना रोजच्या व्यवहारातला.

या काव्यात एक हिंदू आणि एक तुर्क भांडतात. तुर्क म्हणजे मुसलमान. तेव्हा तसे म्हणत. तुर्क विचारतो, दगडात कसला देव? हिंदू विचारतो, देव सगळीकडे आहे ना? मग एकाच दिशेला तोंड का करता? दोघेही भीडभाड ठेवत नाहीत. पण एक गोष्ट पाहा. कोणी उठून जात नाही. एकाचे बोलून झाले की दुसरा उत्तर देतो. बोलता बोलता, देव एकच आहे हे दोघांना पटते. शेवटी दोघे एकमेकांना नमन करून कडकडून भेटतात. धर्म मात्र कोणीच सोडत नाही.

आता आमची एक चूक सांगतो. आम्ही शाळेवर असताना एका मुलाने शेजारच्या मुलाला विचारले, "रोज्यात तुम्ही पाणीसुद्धा का पीत नाही?" आम्ही टेबलावर छडी आपटली. म्हणालो, "असले प्रश्न वर्गात नकोत." वर्ग चिडीचूप झाला. आम्हांला वाटले, आपण भांडण टाळले. खरे पाहता एकाला शिकायचे होते, दुसऱ्याला सांगायचे होते. आम्ही दोघांचीही तोंडे बंद केली. ही चूक आम्हांला निवृत्तीनंतर, नाथांचा संवाद वाचताना कळली.

मंडळी, गप्प बसणे म्हणजे सलोखा नव्हे. मनात राहिलेला प्रश्न कुजतो आणि त्याचा संशय होतो. म्हणून शेजाऱ्याला विचारावे. चिडवण्यासाठी नव्हे, समजून घेण्यासाठी विचारावे. उत्तर पुरते ऐकावे. आणि त्याने आपल्याला विचारले तर रागावू नये.

या वर्गात दोन्हीकडची माणसे एका सतरंजीवर बसतात. तेव्हा पहिला प्रश्न आम्हीच विचारतो, त्या दिवशी अडवलेला. रोज्यात पाणीसुद्धा का पीत नाहीत? सांगा बरे, कोण सांगतो?