सुप्याचा बाजार आणि अमेरिकेचं युद्ध

युद्ध, दंगल, जाळपोळ हे सगळं पेटतं कसं, यावर आज बोलूया. चौफुल्यावरून मोरगावला जाताना सुपे लागतं. एमआयडीसीवालं पारनेरचं सुपे नव्हे, आपलं बारामती तालुक्यातलं, शहाजीराजांच्या जहागिरीतलं. गोष्ट तिथलीच आहे.

तारीख १२ मे १८७५. सुपे तेव्हा भीमथडी तालुक्यात होतं आणि बाजाराचं मोठं गाव होतं. आसपासच्या गावांतले शेतकरी जमले आणि सावकारांच्या दुकानांवर चालून गेले. धान्य लुटलं गेलं, काही ठिकाणी घरंही पेटवली गेली. पण मागणी एकच होती: आमची खतं द्या. खत म्हणजे कर्जाचा कागद. खतं आणि वह्या बाहेर काढून जाळल्या. पुढं हे लोण पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतल्या तीसहून जास्त गावांत गेलं. इतिहासात याला ‘दख्खनचे दंगे’ म्हणतात.

आता कारण बघा, ते निघतं थेट अमेरिकेत. १८६१ साली तिथं यादवी युद्ध सुरू झालं. इंग्लंडच्या गिरण्यांना लागणारा बहुतेक कापूस अमेरिकेतून यायचा, तो बंद झाला. गिरणीमालकांची नजर हिंदुस्थानकडे वळली. भाव चढले, दख्खनमध्ये पैसा खेळायला लागला, सावकार मागेल त्याला कर्ज देऊ लागले. १८६५ला युद्ध संपलं. भाव पडले, सावकारांनी हात आखडला आणि जुनी बाकी मागायला सुरुवात केली.

नेमकं त्याच सुमारास सरकारनं सारा वाढवला. इथं इंदापूर येतं. गोल्डस्मिड आणि विंगेट या इंग्रज अधिकाऱ्यांनी १८३६ साली इंदापूर तालुक्यात जमिनीची नवी सारा-आकारणी केली होती, ३० वर्षांसाठी. ती मुदत संपली तेव्हा भावाची तेजी जमेला धरून आकारणी चांगलीच वाढवली. भाव खाली आला, सारा मात्र वरच राहिला.

वरून कायदा. १८५९च्या कायद्यानं खताची मुदत तीन वर्षं ठेवली. हेतू होता व्याज साचू नये. झालं उलटंच. दर तीन वर्षांनी सावकार नवं खत लिहून घ्यायचा, त्यात जुनं व्याज मुद्दल होऊन बसायचं. शेतकऱ्याला वाचता येत नव्हतं, तो अंगठा द्यायचा. कोर्टात तोच कागद खरा.

म्हणजे सुप्याच्या शेतकऱ्याच्या डोक्यावर एकाच वेळी अमेरिकेतलं युद्ध, पुण्या-मुंबईची कचेरी आणि कोर्टाचा कायदा येऊन बसला होता. यातलं त्याला डोळ्यांनी दिसत होतं फक्त सावकाराचं दुकान.

दोन गोष्टी मी मुद्दाम शेजारी ठेवतो. पहिली, हा जमाव आंधळा नव्हता. सावकारानं खत दिलं, तर सहसा त्याच्या अंगाला हात लागला नाही. दुसरी गोष्ट कडू आहे. राग निघाला तो प्रामुख्यानं मारवाडी आणि गुजराती सावकारांवर. गावातलेच ब्राह्मण सावकारही व्याजानं पैसे देत होते, पण बहुतेक ठिकाणी ते वाचले. कर्ज दोघांचंही होतं, तरी बाहेरचा कोण हे लोकांनी आधी ठरवलं होतं.

पुढं काय झालं? पोलीस आले, लष्कर आलं, शेकडो लोक पकडले गेले. चौकशी आयोग बसला. १८७९ साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. आता कोर्ट खताच्या मागं जाऊन मूळ कर्ज किती हे तपासू शकत होतं, आणि कर्जापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणं थांबलं. आयोगानं मुख्य बोट सावकाराकडेच दाखवलं. सरकारला ते सोयीचंच होतं.

आता १ जुलै २०१८ला या. धुळे जिल्ह्यातलं राईनपाडा. तिथंही आठवडी बाजाराचाच दिवस. मुलं पळवणारी टोळी आलीय अशी अफवा मोबाईलवरून फिरत होती. भिक्षेसाठी आलेल्या भटक्या नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावानं ठेचून मारलं. त्यांतले बहुतेक आपल्या शेजारच्या सोलापूर जिल्ह्यातले होते. सुप्यात निदान खऱ्या कर्जाचा खरा कागद होता. राईनपाड्यात जमावाला काहीही मागायचं नव्हतं, म्हणून त्याला थांबवेल असं त्या पाच जणांकडे काही नव्हतंच. बाहेरचा माणूस ओळखून त्याच्यावर तुटून पडणं मात्र तसंच राहिलं.

म्हणून माझं म्हणणं एवढंच. राग खरा असू शकतो, त्याचं कारणही खरं असू शकतं. पण आपल्याला जो हाताशी सापडतो, तोच त्या कारणाचा मालक असेल असं नाही. फोनवर ‘हे लोक असेच’ असा मेसेज आला, की फॉरवर्ड करण्याआधी एक विचारा: याच्या मागं भाव, कर, कायदा, सत्ता यातलं काय आहे, आणि आपण बोट भलत्याकडेच का दाखवतोय?

तुमच्या घरात जुनं खत, पावती, सातबारा असेल, तर आजोबांना त्याची गोष्ट विचारा आणि आम्हाला व्हॉइस नोट पाठवा. पुढच्या भागात भेटू. काळजी घ्या.