टाका घालण्याआधी

वेळापूरच्या शिवारात ऊसतोड लागली, की कोयता एखादे वेळी उसाऐवजी पिंढरीवर बसतो. मग कोणी जखमेत हळद भरतो, कोणी तंबाखू दाबतो, आणि दवाखान्यात जाऊन म्हणतो, "डॉक्टर, टाके घाला."

पण टाका जखम भरीत नाही. तो कडा जुळवून धरतो, एवढेच. भरते शरीरच. कावसजी नावाच्या मराठी गाडीवानाचे कापलेले नाक पुण्याजवळच्या एका वीटकऱ्याने कपाळाची कातडी वळवून नवे केले. ही हकीकत १७९४ साली लंडनच्या 'जेंटलमन्स मॅगझिन'मध्ये छापून आली. तिथे सांधा धरला होता तो विड्यातला कात लावलेल्या चिंध्यांनी!

आत माती राहिली, तर मात्र रेशमाचा टाका काय अन् नायलॉनचा काय, खाली पू धरतो. म्हणून रक्ताची धार असेल तर स्वच्छ फडके घट्ट दाबून धरा. नसेल तर आधी स्वच्छ पाण्याने भरपूर धुवा. काही न भरता लगेच दवाखाना गाठा. धनुर्वाताची सुई विचारून घ्या. "जखम मळकी आहे, टाके चार दिवसांनी घालू," असे डॉक्टर म्हणाले, तर ऐका.

पायाचे टाके साधारण १० ते १४ दिवसांनी काढतात. तोवर मजुरी बुडते खरी. पण पाय राहतो.