राळ्याचे दाणे

प्रथम माझ्या लहानपणींची एक हकीकत सांगतों. पुणें-सातारा रस्त्यालगतच्या आमच्या वरवे बुद्रुक गांवांत शेजारची एक तरुण सून बाळंतपणांत गेली. तिची तिरडी निघाली तेव्हां एक वृद्ध गृहस्थ मागून वाटेवर राळ्याचे दाणे शिंपीत चालले होते. मीं आजीला कारण विचारलें. ती हलक्या आवाजांत म्हणाली, "बाळंतीण गेली कीं तिची हडळ होते, बाबा. रक्त शोषायला ती घरीं परत येऊं बघते. पण वाटेवरचा दाणा न् दाणा मोजल्याशिवाय तिला उंबरा ओलांडतां येत नाहीं. आणि मोजतां मोजतां उजाडतें."

पुढें शिक्षकी करीत असतांना वाचनांत आलें कीं, पूर्व युरोपांतील खेडुतहि असेंच करीत. तेथें थडग्यांत खसखशीसारखे बारीक दाणे टाकीत, कीं भुताची रात्र ते मोजण्यांतच सरावी. त्या रक्तपिपासू भुताचें नांव व्हॅम्पायर.

हें नांव जगभर कसें पसरलें? सर्बियांतील मेद्वेजा नांवाच्या खेड्यांत माणसें लागोपाठ मरूं लागलीं, तेव्हां १७३२ सालीं ऑस्ट्रियाच्या लष्करी शस्त्रवैद्यांनीं थडगीं उकरून अहवाल लिहिला. कित्येक प्रेतें ताजीं दिसलीं, त्यांच्या शरीरांत पातळ रक्त आढळलें. त्याच वर्षीं हा शब्द इंग्रजी वृत्तपत्रांत झळकला. आज त्याचा उलगडा सोपा आहे. प्रेत कुजतांना पोटांत वायु सांचतो व त्याच्या दाबानें रक्तासारखा द्रव तोंडावाटें येतो. कातडी आक्रसल्यामुळें नखें वाढल्यासारखीं भासतात. एका घरांत साथ शिरली, कीं आळ मात्र पहिल्या मृतावर येई. १७५५ मध्यें मारिया तेरेसा राणीनें राजवैद्य व्हान स्वीटेन यांच्या सल्ल्यानें अशीं प्रेतें उकरण्यास बंदी केली. भूत थडग्यांतून निघालें तें पुस्तकांत शिरलें. १८९७ सालीं ब्रॅम स्टोकर यांची 'ड्रॅक्युला' कादंबरी निघाली.

आपल्याकडे बहुधा दहनाची चाल असल्यामुळें थडगें उकरून पाहण्याचा प्रसंगच आला नाहीं. तरी १८७० मध्यें रिचर्ड बर्टन यांनीं वेताळपंचविशींतील अकरा कथा इंग्रजींत सांगितल्या आणि वेताळाला 'व्हॅम्पायर' करून टाकलें! वास्तविक अकराव्या शतकांत सोमदेवानें कथासरित्सागरांत गोंवलेला हा वेताळ प्रेतांत वसतो खरा. पण तो राजाला कोडीं घालतो आणि शेवटीं कपटी साधूपासून त्याचे प्राण वांचवितो. आपल्या खेड्यांत शेंदूर फांसलेल्या धोंड्याच्या रूपानें तो वेशीबाहेर राखण करतो. गोमंतकांत आमोणें येथें तर त्याचें देऊळ आहे.

मग आपलीं भयंकर भुतें कोणतीं? त्यांचीं नांवेंच बोलकीं आहेत. खवीस हा शब्द अरबींतून आला. जखीण ही मूळची यक्षिणी. मुंज होऊन लग्नापूर्वींच मेलेला मुलगा तो मुंजा. बाळंतपणांत गेलेली ती हडळ. ज्यांचें आयुष्य अर्ध्यावर तुटलें, त्यांनाच आपण भुतें केलें.

त्या सुनेची आठवण मला आजहि अस्वस्थ करते. ती रक्तस्रावानें गेली. रात्रभर ती तळमळत होती आणि वैद्याला आणावयास कोणी गेलें नाहीं. जिचें रक्त वाहून गेलें, तिलाच आम्हीं रक्त पिणारी ठरविलें! राळे शिंपडणाऱ्या हातांना तिची भीति वाटत होती, कीं आपल्या चुकीची? तिच्या आईनें तो शब्द ऐकला तेव्हां तिला काय वाटलें असेल, हें मीं कधीं विचारलें नाहीं.

भुताच्या नांवानें जिवंत माणसांचाहि छळ होतो. भूत उतरविण्याच्या मिषानें मारहाण करणें हा २०१३ च्या महाराष्ट्राच्या जादूटोणाविरोधी कायद्यानें गुन्हा आहे. पण कायदा चावडीपर्यंत येतो, माजघरांत आपणच जावें लागतें. मुलांना वेताळाच्या गोष्टी अवश्य सांगाव्या. त्या गोड आहेत. मात्र 'हडळ' हा शब्द निघाला, कीं त्यांना हेंहि सांगावें कीं ती कोणाची तरी लेक होती आणि तिला वेळेवर मदत मिळाली नाहीं. दाणे मोजावयाचेच असतील, तर ते आपण मोजूं या.